अपघाताचा क्लेम करताय? आधी केस पेपरवरची पहिली ओळ वाचा

नागपूरला सिव्हिल लाइन्सच्या जिल्हा न्यायालयात मोटार अपघाताच्या दाव्यांचे कागद लावण्याचं माझं काम. नवी फाइल आली की मी सगळ्यात आधी दवाखान्यातला पहिला केस पेपर काढतो आणि 'हिस्ट्री' या शब्दापुढे काय लिहिलंय ते वाचतो. दावा सरळ जाणार की रडतखडत, हे बहुतेक वेळा तिथेच कळतं.

हिंगणा रोडवरच्या एका इलेक्ट्रिशियनची फाइल सांगतो. मागून आलेल्या मालवाहू गाडीने त्याच्या दुचाकीला धडक दिली, मांडीचं हाड मोडलं. शेजाऱ्याने ऑटोत घालून दवाखान्यात नेलं. डॉक्टरांनी विचारलं, काय झालं? शेजारी म्हणाला, "गाडीवरून पडला साहेब." पोलिसांच्या लफड्यात कायले पडा, एवढाच त्याचा विचार. डॉक्टरांनी तेच लिहिलं. पाच दिवसांनी एफआयआर झाला, त्यात मालवाहू गाडीचा नंबर आला. पुढे विमा कंपनीच्या वकिलाने उलटतपासणीत तो केस पेपर वर धरला आणि विचारलं, "यात दुसऱ्या गाडीचं नाव कुठे आहे?" त्या एका ओळीचा खुलासा करण्यात सगळा दावा अडकला.

त्याच त्या चुका पुन्हा पुन्हा फाइलमध्ये दिसतात, म्हणून हे क्रमवार लिहितो. दुसऱ्याच्या गाडीने तुम्हाला इजा झाली, हे गृहीत धरलं आहे. कामावर असताना झालेल्या अपघाताबद्दल तिसऱ्या पायरीत थोडं आहे.

## पायरी १: पहिले दोन दिवस

जखमीला उचलून आधी दवाखाना गाठा, बाकी सगळं नंतर. ११२ ला फोन केला की पोलिसांकडे वेळेची नोंद होते, तीही पुढे कामी येते. मदतीला धावलेल्या माणसाला पोलीस किंवा दवाखाना अडकवून ठेवू शकत नाही. मोटार वाहन कायद्याच्या कलम १३४-अ मध्ये त्याला संरक्षण आहे. हे त्याला तिथल्या तिथे सांगा, म्हणजे तो घाबरून निघून जाणार नाही.

मग क्रम असा ठेवा.

१. कॅज्युअल्टीत माहिती देणाऱ्याने पूर्ण वाक्य सांगायचं: कुठे, किती वाजता, कोणत्या प्रकारच्या गाडीने, कोणत्या बाजूने धडक दिली. नंबर माहीत असेल तर नंबर. नसेल तर "अनोळखी गाडीने धडक दिली" असं सांगा. "पडला" हा शब्द वापरू नका.

२. एमएलसी (मेडिको-लीगल केस, म्हणजे पोलिसांना कळवायची नोंद) नोंदवली का ते विचारा आणि तिचा नंबर लिहून घ्या. मेडिकल असो, मेयो असो (ही नागपूरची सरकारी रुग्णालयं) की खासगी दवाखाना, अपघाताची केस म्हणून नोंद झाली की पोलिसांना कळवलं जातं. खासगीत कधीकधी विचारतात, "पोलीस केस करायची का?" उत्तर 'हो' हेच.

३. फोटो काढा: दोन्ही गाड्यांच्या नंबर प्लेट, ब्रेकच्या खुणा, रस्त्यावर पडलेल्या काचा, आजूबाजूच्या दुकानांच्या पाट्या. जवळच्या पेट्रोल पंपावर किंवा दुकानात कॅमेरा असेल तर ते फुटेज त्याच आठवड्यात मागा आणि तपास अधिकाऱ्यालाही लेखी कळवा. जुनं फुटेज आपोआप पुसलं जातं.

४. पैशाअभावी उपचार थांबवू नका. केंद्र सरकारच्या २०२५ च्या योजनेत रस्ते अपघातातल्या जखमीला नेमलेल्या दवाखान्यांत अपघातापासून ७ दिवसांपर्यंत दीड लाख रुपयांपर्यंतचे उपचार रोकड न भरता मिळतात. या योजनेतून उपचार घेतले म्हणून पुढचा क्लेम जात नाही.

सावध राहा: धडक देणारा दवाखान्यात येऊन हात जोडतो, औषधांचे पैसे भरतो आणि ५०० रुपयांच्या स्टॅम्प पेपरवर 'आमची काही तक्रार नाही' असं लिहून घेतो. मोडलेल्या हाडात रॉड बसतो की प्लेट, हे ठरायच्या आधीच माणूस सही करून मोकळा होतो. औषधांचे पैसे देत असेल तर घ्या. सही मात्र कशावरही करू नका.

केस पेपरवर आधीच चुकीचं लिहिलं गेलं असेल तर खाडाखोड करून घेऊ नका, ती जास्त महागात पडते. जखमी शुद्धीवर आला की त्याच्या तोंडून डॉक्टरांना खरी हकीकत सांगा आणि वॉर्डातल्या कागदांवर त्या तारखेने वेगळी नोंद करायची विनंती करा. पोलिसांच्या जबाबात पहिली माहिती कुणी दिली आणि ती अपुरी का राहिली, हे स्पष्ट लिहवून घ्या. इलेक्ट्रिशियनच्या फाइलमध्ये हे त्याच आठवड्यात झालं असतं, तर शेजाऱ्याला साक्षीला बोलवायची वेळच आली नसती.

## पायरी २: पोलिसांचे कागद

हद्दीचा घोळ इथे नेहमीचा. वर्धा रोड, उमरेड रोड किंवा काटोल रोडने शहराबाहेर गेलं की नागपूर शहर पोलिसांची हद्द संपते आणि ग्रामीण पोलिसांची लागते. "आमच्याकडे येत नाही" असं ऐकून लोक परत येतात. गुन्हा कोणत्याही ठाण्यात शून्य क्रमांकाने नोंदवता येतो, मग ते ठाणं तो योग्य ठाण्याकडे पाठवतं. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ मध्ये ही सोय आहे, आणि फिर्यादीला एफआयआरची प्रत फुकट मिळते.

उशीर झाला म्हणून दावा आपोआप बाद होत नाही. उशिराचं कारण मात्र एफआयआरमध्येच आलं पाहिजे: ऑपरेशन चालू होतं, जखमी बेशुद्ध होता, घरात दुसरं कुणी नव्हतं. कारण नंतर सांगितलं की ते रचलेलं वाटतं.

पोलिसांकडून हे कागद मिळवा: एफआयआर, घटनास्थळ पंचनामा आणि नकाशा, गाडीच्या तपासणीचा अहवाल, चालकाचं लायसन्स, गाडीचं आरसी (नोंदणी प्रमाणपत्र), विम्याची पॉलिसी, जखमेचा दाखला आणि शेवटी दोषारोपपत्र. केंद्रीय नियमांप्रमाणे तपास अधिकाऱ्याने पहिला अपघात अहवाल ४८ तासांत आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे (भरपाईचे दावे चालवणाऱ्या न्यायालयाकडे) द्यायचा असतो. यातून एक मोठा गैरसमज तयार झाला आहे: "पोलिसांनी पाठवलंय ना, आता क्लेम आपोआप येईल." पोलिसांच्या अहवालात तुमचं उत्पन्न, तुमचा खर्च, तुमचं अपंगत्व हे सगळं पुराव्यानिशी कोण घालणार? आपला अर्ज आपण करायचा.

हे तपासा: पॉलिसीवर तारीख बघून थांबू नका, वेळही बघा. सकाळी १० ला अपघात आणि दुपारी ३ पासून विमा सुरू, अशा पॉलिसीचा उपयोग नाही. आरसीवरचा मालक कोण, तेही बघा. गाडी विकली आणि नाव बदललं नाही, तर कायद्याच्या नजरेत नोंदणीकृत मालकच जबाबदार असतो. त्याला पक्षकार करायचं राहून गेलं की पुढे धावपळ होते.

आणखी एक. फौजदारी खटल्यात ड्रायव्हर निर्दोष सुटला, म्हणून नुकसानभरपाईचा दावा संपत नाही. तिथे गुन्हा शंकेपलीकडे सिद्ध व्हावा लागतो, इथे कुणाचं म्हणणं जास्त संभाव्य आहे ते पाहतात. पण फौजदारी केस 'मिटवून' साक्षीदाराला फिरवलंत, तर तोच साक्षीदार इथे तुमच्या अंगावर येतो.

## पायरी ३: कोणत्या वाटेने जायचं

बहुतेक चुकीचे अर्ज इथेच होतात. वाटा चार आहेत, आणि कोणती तुमची हे आधी ठरवावं लागतं.

समोरच्या चालकाची चूक दाखवता येत असेल तर मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ चा दावा. यात रकमेला वरची मर्यादा नाही. चूक सिद्ध करण्यात अडचण असेल तर कलम १६४ : चूक कुणाची हे न पाहता गंभीर दुखापतीला अडीच लाख आणि मृत्यूला पाच लाख रुपये ठरलेले. "अडीच लाख तरी लगेच मिळतात" म्हणून लोक तिकडे धावतात. लक्षात ठेवा, कलम १४९ च्या पद्धतीने विमा कंपनीकडून १६४ ची रक्कम स्वीकारली की न्यायाधिकरणातला दावा संपतो. पायात प्लेट आणि सहा महिने घरी बसलेल्या कमावत्या माणसाने याला होकार देण्याआधी दहा वेळा विचार करावा.

गाडी पळून गेली आणि सापडलीच नाही, तर हिट अँड रन योजना: गंभीर दुखापतीला ५० हजार, मृत्यूला दोन लाख. हा अर्ज न्यायालयात होत नाही, महसूल खात्याच्या चौकशी अधिकाऱ्याकडे, म्हणजे उपविभागीय अधिकारी किंवा तहसीलदारांकडे होतो. गाडी नंतर सापडली आणि दुसऱ्या कलमाखाली भरपाई मिळाली, तर ही रक्कम परत करावी लागते.

बुटीबोरी किंवा हिंगण्याच्या एमआयडीसीत कामावर असताना गाडीने उडवलं असेल, तर सामाजिक सुरक्षा संहिता २०२० मधली कर्मचारी भरपाई (नोव्हेंबर २०२५ पर्यंत कर्मचारी भरपाई कायदा १९२३) हीही एक वाट आहे. पण कलम १६७ प्रमाणे मोटार वाहन कायदा किंवा कर्मचारी भरपाई, यातली एकच निवडायची. ईएसआयसीत (कर्मचारी राज्य विमा महामंडळात) नाव असेल तर आणखी वेगळे नियम लागतात, ते वकिलाला पहिल्या भेटीतच सांगा.

दोन भ्रम खूप खोल रुजले आहेत. पहिला: "माझ्या गाडीचा थर्ड पार्टी विमा आहे, मला पैसे मिळतील." थर्ड पार्टी म्हणजे तुमच्या गाडीमुळे दुसऱ्याला झालेलं नुकसान. तुमच्याच चुकीने तुम्ही पडलात, तर तो तुम्हाला देत नाही. मालक-चालकासाठी १५ लाखांचं वैयक्तिक अपघात संरक्षण वेगळं असतं, तेही मृत्यू आणि ठरावीक अपंगत्वासाठी. साध्या फ्रॅक्चरच्या बिलांसाठी नाही. मागे बसलेल्याचंही तसंच: गाडीची पॉलिसी नुसती थर्ड पार्टी असेल तर त्याच गाडीच्या विमा कंपनीकडून त्याला मिळणं अवघड. पॅकेज (कॉम्प्रिहेन्सिव्ह) पॉलिसी असेल तर मिळतं.

दुसरा: "हेल्मेट नव्हतं, म्हणून क्लेम होत नाही." होतो. डोक्याला मार असेल तर रक्कम कमी करण्यासाठी कंपनी हा मुद्दा काढते. पाय मोडला असेल तर हेल्मेटचा त्याच्याशी काय संबंध?

## पायरी ४: खर्च आणि उत्पन्नाचे पुरावे

एक प्लास्टिकची फाइल घ्या आणि पहिल्या दिवसापासून तारखेप्रमाणे लावा. औषधाच्या दुकानाची बिलं जखमीच्या नावाने घ्या, सोबत डॉक्टरांची चिठ्ठी जोडा. मशीनमधून निघणाऱ्या गुळगुळीत पावत्यांची त्याच दिवशी झेरॉक्स काढा. नागपूरच्या मे महिन्यात पत्र्याच्या खोलीत ठेवलेल्या अशा पावत्या मी हातात घेतल्या आहेत: दोन्ही बाजू पांढऱ्या, अक्षर एकही नाही. ४० हजारांची औषधं होती ती, आणि दाखवायला फक्त कोऱ्या चिठ्ठ्या.

मेडिक्लेममधून बिल भरलं असेल तर मूळ बिलं त्या कंपनीकडे जातात. देण्याआधी साक्षांकित प्रती करून ठेवा. मेडिक्लेमचे पैसे मिळाले म्हणून दवाखान्याचा खर्च दाव्यात मागता येत नाही, हाही गैरसमज. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने मार्च २०२५ मध्ये सांगितलं आहे की ती रक्कम भरपाईतून वजा होत नाही.

ऑटो-टॅक्सीचं भाडं, काटोल किंवा रामटेकहून तपासणीला येण्याचं एसटीचं तिकीट, घरी ठेवलेल्या मदतनीसाला दिलेले पैसे, हे सगळं लिहून ठेवा. सेवा घरच्यांनी केली असली तरी तो मुद्दा मांडता येतो.

उत्पन्नात लोक दोन टोकं गाठतात. इन्कम टॅक्स भरताना तीन लाख दाखवलेले आणि दाव्यात नऊ लाख सांगणारे एकीकडे. "माझं तर काहीच कागदावर नाही" म्हणून हातच वर करणारे दुसरीकडे. पहिल्यांना त्यांचंच रिटर्न आडवं येतं. दुसऱ्यांना मी विचारतो: बँकेत पैसे येतात ना? मोबाइलवर गिऱ्हाईक पैसे पाठवतं ना? कळमन्याच्या बाजारात माल घेताना पावती मिळते ना? मजुरीचं हजेरी कार्ड, ठेकेदाराचं पत्र, दुकानाचा परवाना, जे असेल ते आणा. काहीच नसेल तर न्यायाधिकरण किमान वेतन वगैरे पाहून उत्पन्न धरतं, शून्य धरत नाही. नोकरी असेल तर पगारपत्रकं आणि किती रजा बिनपगारी गेली याचं पत्र हवं. पत्र देणारा माणूस साक्षीला येईल का, हे आधीच विचारून ठेवा.

## पायरी ५: अपंगत्वाचा दाखला

सगळ्यात जास्त गैरसमज इथे आहेत, म्हणून जरा थांबून वाचा.

दाखला लवकर काढू नका. हाड जुळून, फिजिओथेरपी होऊन जे कायमचं राहिलं त्याचाच दाखला असतो. प्लास्टर असताना काढलेला दाखला उलटतपासणीत टिकत नाही. उपचार करणाऱ्या डॉक्टरांकडून किंवा सरकारी वैद्यकीय मंडळाकडून घ्या. रस्त्यात भेटलेल्या कुणा मध्यस्थाने 'जास्त टक्क्यांचा' मिळवून देतो म्हटलं तर तिथून उठा. आणि डॉक्टरांनी साक्षीला यावं लागतं, नुसता कागद लावून काम होत नाही.

आता टक्क्यांचं गणित. दाखल्यावर '३० टक्के' म्हणजे कमाई ३० टक्क्यांनी कमी झाली, असं नाही. आधी तो आकडा एका पायाचा आहे की सगळ्या शरीराचा ते पाहावं लागतं. मग सर्वोच्च न्यायालयाने राजकुमार विरुद्ध अजयकुमार (२०११) मध्ये सांगितलेला प्रश्न येतो: या माणसाच्या या कामावर काय परिणाम झाला? डावा हात गेलेला ड्रायव्हर किंवा सुतार जवळजवळ पूर्ण कमाई गमावतो. तोच हात गेलेला सरकारी कारकून नोकरीत राहू शकतो. म्हणून दाव्यात तुमचं काम बारकाव्याने लिहा. "इलेक्ट्रिशियन" एवढंच पुरत नाही. शिडीवर चढणं, उकिडवं बसून बोर्ड लावणं, २० किलोचा वायरचा बंडल तिसऱ्या माळ्यावर नेणं, असं लिहा.

एक उदाहरण. वय ३४, स्वतःचं काम, महिना १८,००० रुपये. वर्षाचे २,१६,०००. भविष्यातल्या वाढीचे ४० टक्के धरले की ३,०२,४००. वयावरून ठरलेल्या आकड्याने, म्हणजे गुणकाने, हे गुणायचं; वय ३१ ते ३५ साठी गुणक १६, म्हणजे ४८,३८,४००. न्यायाधिकरणाने कमाईची हानी २० टक्के मानली तर ९,६७,६८०. मृत्यूच्या दाव्यात स्वतःच्या खर्चाची वजावट होते, जखमीच्या दाव्यात ती होत नाही. यावर उपचाराचा खर्च, बुडालेली कमाई, वेदना, पुढचं ऑपरेशन हे वेगळं. प्लेट काढायचं ऑपरेशन बाकी असेल तर डॉक्टरांकडून अंदाजपत्रक आत्ताच घ्या.

## पायरी ६: दावा दाखल करणं

मुदत: अपघाताच्या तारखेपासून ६ महिने. १ एप्रिल २०२२ पासून कलम १६६(३) मध्ये हे आलं आहे. "अपघाताच्या क्लेमला मुदत नसते" हे जुन्या दिवसांचं ज्ञान अजून चहाच्या टपरीवर वाटलं जातं. या मुदतीला आव्हान देणारी प्रकरणं सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली आहेत, पण त्या भरवशावर एकही दिवस घालवू नका. उपचार चालू असले तरी दावा दाखल करता येतो, बिलं आणि दाखला नंतर जोडता येतात.

ठिकाण: अपघात जिथे झाला, दावेदार जिथे राहतो किंवा व्यवसाय करतो, किंवा प्रतिवादी जिथे राहतो. म्हणजे अपघात मध्य प्रदेशात सौंसरजवळ झाला तरी नागपूरचा रहिवासी नागपुरात दावा करू शकतो. तिकडे फेऱ्या मारायची गरज नाही.

वकील: "जिंकलं तर ३० टक्के" असा करार बार कौन्सिलच्या नियमांत बसत नाही. फी आधी ठरवा, पावती घ्या. कोऱ्या कागदावर, कोऱ्या चेकवर किंवा न वाचता वकीलपत्रावर सही नको. दवाखान्याच्या वॉर्डात येऊन फाइल मागणाऱ्या एजंटाला मूळ कागद कधीच देऊ नका. महिला, अनुसूचित जाती-जमाती, अपंग व्यक्ती यांना उत्पन्न न पाहता, आणि इतरांना महाराष्ट्रात वार्षिक तीन लाखांच्या आत उत्पन्न असेल तर, जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. हेल्पलाइन १५१००.

हे तपासा: अर्जात चालक, मालक आणि विमा कंपनी तिघेही आहेत का? अपघाताची वेळ एफआयआर, केस पेपर आणि अर्ज तिन्हीत एकच आहे का? आधारवरचं आणि बँकेतलं नाव जुळतं का? चालकाकडे लायसन्स नसलं तरी विमा कंपनीला वगळू नका. अशा प्रकरणांत बऱ्याचदा कंपनीला आधी जखमीला पैसे देऊन नंतर मालकाकडून वसूल करायला सांगितलं जातं.

## पायरी ७: तडजोड आणि साक्ष

लोक अदालतीत मिटवणं वाईट नाही. कागद पक्के असतील आणि आकडा वाजवी असेल, तर वर्षं वाचतात. पण तिथल्या निवाड्यावर अपील होत नाही. म्हणून जाण्याआधी घरी बसून वरचं गणित स्वतः करा आणि आपली खालची रेघ, म्हणजे कमीत कमी किती घ्यायचे ते, कागदावर लिहून न्या. पुरसीसवर (तडजोडीच्या लेखी निवेदनावर) सही करण्याआधी रक्कम व्याजासह आहे की व्याजाशिवाय, आणि किती दिवसांत जमा होणार, हे मोठ्याने वाचून घ्या.

साक्षीला उभं राहाल तेव्हा जेवढं आठवतं तेवढंच सांगा. "मी मुळीच चालू शकत नाही" असं सांगून भावाच्या लग्नाच्या व्हिडिओत नाचताना दिसलेल्या माणसाचं पुढचं खरं दुखणंही कुणी मानत नाही. कंपन्या चौकशी करतात. त्यापेक्षा "चालतो, पण अर्ध्या तासाने पाय सुजतो, जिना उतरताना कठडा धरावा लागतो" हे सांगा, ते खरंही आहे आणि टिकतंही.

## पायरी ८: निकालानंतर

निकालाची प्रमाणित प्रत लगेच मागा. रक्कम कमी वाटली तर अपील ९० दिवसांत, उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात. वादातली रक्कम एक लाखाच्या आत असेल तर अपील नाही. व्याज सहसा दावा दाखल केल्याच्या तारखेपासून लागतं, तेव्हा जमा झालेला आकडा स्वतः मोजा.

पैसे तुमच्याच बँक खात्यात आले पाहिजेत, एजंटाच्या किंवा नातेवाइकाच्या नाही. काही भाग मुदत ठेवीत ठेवायचा हुकूम झाला आणि मध्येच प्लेट काढायचं ऑपरेशन निघालं, तर ठेव मोडण्यासाठी डॉक्टरांच्या अंदाजपत्रकासह त्याच न्यायाधिकरणात अर्ज करता येतो.